दारात उभा राहिलेला धाकटा

समस्त वाचकांना अत्यंत गंभीरपणे कळवण्यात येते, की आमच्या आत्याबाई हयात होत्या तोवर आमच्या घराण्यातलं एकही भांडण वाया गेलं नाही. घरात दूध वाया जाई, पाणी वाया जाई, माझ्यावर खर्चलेलं शिक्षण तर नक्कीच वाया गेलं; पण भांडण? छे! ते पुढच्या आठवड्यात छापून यायचं.

आत्याबाई म्हणजे माझ्या वडिलांची बहीण. सत्तरच्या दशकात नागपूरच्या एका साप्ताहिकात त्यांच्या कौटुंबिक कादंबऱ्या क्रमशः येत आणि दुपारची जेवणं उरकली की अख्खी आळी त्या वाचायला बसे. आमचं घराणं मूळ विणकरांचं. पुढे वडील गांधीबागेत कापडाच्या दुकानात लागले, काका खापरखेड्याच्या वीजकेंद्रात. विणणं सुटलं नाही ते एकट्या आत्याबाईंचं, फक्त सूत आमचं असायचं.

त्यांचा एक कडक नियम होता. जे स्वतःच्या कानांनी ऐकलं नाही, ते पात्राच्या तोंडी घालायचं नाही. त्यामुळे कादंबरीतलं नणंद-भावजयीचं भांडण अडलं की त्या पदर खोचून आमच्याकडे येत आणि पहिल्याच घासाला आईला म्हणत, "वहिनी, भाजीले काही चवच नाही वं!" आई भडकायची. "तुमच्या सासरी मिठाची खाण असन बाई, आम्ही आपले गरीब!" की आत्याबाईंच्या कानावरची पेन्सिल खाली. "वा! पुन्हा म्हण. अश्शीच म्हण!" आईला ते पुन्हा तसं कधीच जमलं नाही, कारण तोवर तिला हसू फुटलेलं असे. कादंबरीत लग्न लागलं की आत्याबाई घरी कोथिंबिरीची सांबारवडी तळून वाटत, आणि पात्र वारलं की घरातली फोडणी बंद. एकदा त्यांनी एक चांगली ठणठणीत सासू मारली, तेव्हा त्यांचे यजमान मुकाट्यानं आमच्याकडे जेवायला आले आणि म्हणाले, "तिले सांगा, माराचंच असन तर उन्हाळ्यात मारत जा. आंब्याच्या रसावर तरी भागते."

माणसं ओळखू येऊ नयेत म्हणून त्या नाव बदलत आणि पुरुषाला मिशा लावत. मुळात असल्या तर काढत. एवढ्यावर काम होतं अशी त्यांची श्रद्धा होती, आणि नवल म्हणजे ती खरी ठरे. आमच्या घरात प्रत्येकाला गोष्टीतले बाकीचे सगळे पटकन ओळखू येत. स्वतः मात्र कुणालाच सापडत नसे.

माझं लग्न ठरलं, तेव्हा वडील आणि काका कैक वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते. वडिलांनी आजोबांचा हातमाग काकांना न विचारता विकून टाकला होता. काकांचं म्हणणं, "विकला त विकला, पण मले विचारलं काहून नाही?" वडिलांचं म्हणणं, "मोठा मी आहो." झालं, तेव्हापासून बोलणं बंद. इकडे मला काकांनी सायकल शिकवलेली, मॅट्रिकला आपटलो तेव्हा खापरखेड्याला नेऊन लपवलेलं. त्यांच्याशिवाय अक्षता पडणार हे मला पटेना. नुसती पत्रिका टाकूनही भागणारं नव्हतं. आमच्यात भावाला बोलावणं भावानं तोंडानंच करायचं असतं. मी आत्याबाईंकडे जाऊन रडलो. त्या शांतपणे म्हणाल्या, "डोळे पूस गा. लिहून राहिली ना मी."

आणि खरंच लिहू लागल्या. हातमागाची संत्र्याची बाग झाली, वडिलांना मिशा फुटल्या, काकांच्या गेल्या. एका अंकाच्या शेवटी धाकटा भाऊ भर उन्हात मोठ्याच्या दारात येऊन उभा राहिला. क्रमशः. पुढच्या आठवड्यातही तो तिथंच. एका अंकात नुसतं ऊन, दुसऱ्यात दारावरचं सुकलेलं तोरण, तिसऱ्यात धाकट्याच्या चपलेचा तुटका अंगठा. संपादक हात जोडून घरी आले. आत्याबाई म्हणाल्या, "मोठा काय म्हणते ते अजून मी आयकलंच नाही. मनानं कसं लिहू?"

वडील तो मजकूर ताग्यांच्या आड बसून वाचत, काका पाळी संपल्यावर बसमध्ये. वडिलांच्या मते गोष्टीतला मोठा देवमाणूस होता. काकांच्या मते धाकटा. शेवटी वडिलांचा धीर सुटला. मे महिन्यातल्या एका रविवारी, रणरणत्या दुपारी, ते मला घेऊन आत्याबाईंच्या घरी धडकले. "लेखिका आहेस का कसाई? मरन ना तो पोरगा उन्हानं! आणि मोठा काही असा दगड नाही वं. उगाच बदनाम करून राहिली त्याले!"

तेवढ्यात दारात चपला वाजल्या. हातात अंकाची सुरळी धरून काका उभे होते. तेही भांडायलाच आले होते. वडील दिसताच ते उंबऱ्याबाहेर थबकले. घामानं निथळलेले, केस बरेच पांढरे झालेले. आत्याबाईंनी कानावरची पेन्सिल काढली. वडिलांनी काकांकडे पाहिलं, त्या पेन्सिलीकडे पाहिलं, आणि त्यांच्या तोंडून एक वाक्य निसटलं.

माझ्या लग्नात अंतरपाटाचं एक टोक काकांनी धरलं होतं. गोष्टही पुरी झाली. तिच्यात मोठा भाऊ पानभर गहिवरतो, धाकट्याची क्षमा मागतो, बागेतलं संत्रं सोलून भरवतो. त्यातला एक शब्दही कुणी कधी बोललं नव्हतं. आयुष्यात एकदाच आत्याबाईंनी आपला नियम मोडला. मी विचारलं, "आत्याबाई, खरं वाक्य काहून नाही घातलं?" त्या म्हणाल्या, "राहू दे. घरातलं सगळंच काय विकाले काढाचं?"

आता तिघंही नाहीत. आमचं घर हुडकेश्वरला आहे, आणि उन्हाळ्यात दुपारी दारात कुणी आलं की माझ्या ओठांवर ते वाक्य येतं. आत्याबाईंनी छापलं नाही; त्यांची माफी मागून मी छापतो. वडील ओरडले होते:

"उन्हात काहून उभा आहेस गा? आत ये पहिले, नाही त हे बाई तुले पुढच्या अंकातही तिथंच उभा ठेवन!"