क्लोव्हरच्या पायातली तार

हॉलिवूडच्या नाक्यावर आम्ही गुराखी रोज सकाळी सिनेमातल्या घोडेस्वारीच्या कामासाठी घुटमळायचो. सिनेमे तेव्हा मुके होते, आमची तोंडं मात्र नव्हती. ऑर्विल टगल माँटानाहून घोडीसकट आला, तेव्हा आम्ही त्याला सोडतोय होय!

"काय रे, घोडी भाड्याची की सासऱ्याची?"

तो हसला. "घरची आहे काका. क्लोव्हर. माझ्या हातावर जन्मलीय."

बिचाऱ्याला काम मिळायलाच हवं होतं. बापाची गुरं थंडीत मेली, कुरण गेलं, परत जायला घर उरलं नव्हतं.

दिग्दर्शक स्लोकमने एकच परीक्षा ठेवली: तारेवर पडून दाखव. घोड्याच्या पुढच्या पायांना बारीक तार बांधायची, दुसरं टोक जमिनीतल्या खुंटाला. तार संपली की भरधाव घोडं तोंडावर आपटतं. कुठे संपणार ते स्वाराला ठाऊक असतं, घोड्याला नसतं. म्हणून आमच्यात रीतच होती, स्वतःचं जनावर तारेला बांधायचं नाही, कंपनीचं घ्यायचं. नेमकं त्या दिवशी कंपनीचं एकही मोकळं नव्हतं.

"तुझीच बांध, नाहीतर चालू लाग," स्लोकम म्हणाला.

ऑर्विलने माझ्याकडे पाहिलं. "काका, काय करू?"

"अरे, जमीन नांगरून मऊ केलीय. काही होत नाही." माझ्या जिभेला हाड कुठलं!

त्याने तार बांधली. तेवढ्यात ऊन सरकलं. स्लोकमने कॅमेरा पुढे घेतला आणि मला खुंटही पुढे ठोकायला सांगितला. नांगरलेली जमीन मागेच राहिली.

"साहेब, इथे दगड आहेत."

"ऊन जातंय! ठोक!"

मी मेल्याने ठोकला. ऑर्विल तिकडे खोगीर आवळत होता, त्याला सांगितलंही नाही. तोंड उघडलं असतं तर उद्या मला कुणी काम दिलं नसतं.

क्लोव्हर दगडांवर आपटली. दोन्ही पाय मोडले. ऑर्विल धडपडत उठला, तिचं डोकं मांडीवर घेऊन ओक्साबोक्शी रडायला लागला. स्लोकम कर्ण्यातून कॅमेरावाल्याला ओरडला, "थांबू नका! हँडल फिरवा! काय चेहरा आहे!"

मग मी बंदूक आणली. गोळी ऑर्विलने स्वतः घातली.

"पोरगा पास," स्लोकम म्हणाला.

दुसऱ्या दिवशी ऑर्विल खांद्यावर खोगीर टाकून चालत आला. वाटलं, मला मारेल. मारायलाच हवं होतं. कंपनीचा एक तांबडा घोडा काढला होता, जेमतेम तीन वर्षांचा. मी तार घेऊन त्याच्या पायाशी वाकलो, तर ऑर्विलने ती माझ्या हातातून काढून घेतली.

"राहू द्या काका. मला येतं आता."