दादाने परत केलेला झेल

माझा मोठा भाऊ मधुकर, म्हणजे आमचा दादा, दीड महिन्यापूर्वी नौपाड्यातल्या एका दवाखान्यात बाकावर बसल्या बसल्या गेला. वय ऐंशीच्या पुढे, सकाळपासून छातीत दुखत होते, आणि नंबर चौथा होता. पण तापाने फणफणलेले मूल कडेवर घेऊन एक बाई आली, तिला त्याने आपल्या पुढे जाऊ दिले. मग एक खोकणारे गृहस्थ आले, त्यांनाही जाऊ दिले. हे गृहस्थ दादापेक्षा चांगले पंधरा वर्षांनी लहान होते, असे नंतर कळले. मी तेव्हा डोंबिवलीच्या माझ्या घरी भाजी निवडत बसले होते. भाच्याचा फोन आला. तो रडत म्हणाला, "आत्या, दुखतंय म्हणून बाबांनी तिथं कुणाला सांगितलंच नाही गं." अशा वेळी माणसाने रडावे. मी म्हटले, "कधी सांगितलंय त्याने?" आणि फोन ठेवून पुन्हा भाजी निवडायला लागले. राग आणि दुःख यांतले आधी काय आले, ते आजही मला सांगता यायचे नाही. दादाच्या बाबतीत मला ते कधीच वेगळे करता आलेले नाही.

ज्यांनी त्याला म्हातारपणी पाहिले, त्यांना हा मनुष्य एके काळी क्रिकेट खेळायचा हे सांगूनही पटायचे नाही. स्वातंत्र्य मिळून एक-दोन वर्षे झाली असतील. दादा मुंबईच्या कॉलेजात शिकत होता आणि तिथल्या संघाचा विकेटकीपर होता. कीपर कसला, संघ तोच चालवायचा. कॅप्टन दुसरा होता, पण गोलंदाज बदलायचा झाला की तो आधी दादाच्या तोंडाकडे बघायचा. दादाने मान हलवली तर बदल, नाहीतर नाही. घरी मागच्या अंगणात मी न्हाणीघराच्या भिंतीवर चेंडू मारायचा आणि त्याने तो झेलायचा, हा आमचा रोजचा सराव. चेंडू त्याच्या हातात पडल्याचा आवाज येत नसे. भिंतीवर आपटल्याचा यायचा, आणि मग एकदम शांत... मी तेव्हा पंधरा-सोळा वर्षांची. या माणसाचे एक दिवस फार मोठे नाव होणार याविषयी माझ्या मनात तिळमात्र शंका नव्हती. त्यानेच मला स्कोअर लिहायला शिकवले, ते त्यासाठीच असे मी समजत होते.

आमचे वडील, नाना, यांना त्याने वकील व्हायला हवे होते. दादाने बी.ए. झाल्यावर त्यांच्याशी चक्क तह केला. शहाडजवळच्या एका मोठ्या कारखान्याने त्याला खेळाडू म्हणून नोकरी देऊ केली होती. टेबल कारकुनाचे, पण खरे काम खेळायचे. दादा म्हणाला, दोन वर्षे द्या. दोन वर्षांत पहिल्या अकरांत पक्का झालो नाही, तर वकिलीला जातो. नानांनी मान्य केले. बिचाऱ्यांना काय ठाऊक, की आपला मुलगा ही मुदत आठ वर्षे लांबवणार आहे.

कारखान्याच्या संघात कीपर आधीच होता. काशिनाथ. बाळकुमच्या मिठागरावर काम करणाऱ्या घरातला, दादाच्याच वयाचा, हाडापेराने मजबूत. शाळा त्याने चौथीत सोडली होती, पण चेंडू असा तडकवायचा की कल्याणच्या मैदानावर खेळ असला की पलीकडच्या गोठ्यावरची म्हातारी आपल्या म्हशी आत घ्यायची. दादाची फलंदाजी यथातथाच. कारखान्याच्या साहेबांचा हिशेब सरळ होता : कीपर असा हवा जो वेळेला पन्नास धावाही काढेल. म्हणून काशिनाथ पहिला आणि दादा बारावा. बारावा म्हणजे पाणी नेणारा, कुणाचा पॅड सुटला तर बांधणारा, कुणाला लागले तर पेटी घेऊन धावणारा.

आता कुठल्याही माणसाने काय केले असते? काशिनाथचे कुठे चुकते ते बघून गप्प बसला असता. काशिनाथचे चुकायचेही. पायाच्या बाजूला जाणारा चेंडू त्याच्या हाती लागत नसे, फार लवकर उठायचा. आमचे बंधुराज रोज सुटी झाल्यावर त्याला घेऊन मैदानावर जाऊ लागले. बस, आणखी थोडा बस, चेंडू तुझ्याकडे येणारच आहे, तू कशाला धावतोस त्याच्याकडे. सहा महिन्यांत काशिनाथ असा काही तयार झाला की त्याला संघातून काढायची कुणाची छाती होईना. मी दादाला विचारले, आपल्या हाताने आपल्या पायावर धोंडा का मारून घेतोस? तर म्हणाला, "अगं शालू, चुकीचं चाललेलं बघवत नाही मला." दोन वर्षांनी नानांनी त्याला जेवताना विचारले, संघात आहेस की पाणी वाहतोस? दादा भाताचा घास कालवत म्हणाला, दोन्ही. नानांनी ताक मागितले. मला मात्र ताट भिरकावून द्यावेसे वाटले होते.

पण खरा कहर पुढेच आहे. पाचव्या वर्षी मुंबईच्या एका कचेरीचे पत्र आले. त्यांचा कीपर निवृत्त झाला होता, जागा पहिली, पगार जास्त, यायचे तर लगेच या. पोस्टमनने ते वाटेतच माझ्या हातात दिले. तेव्हा मी नुकतीच शाळेत शिकवायला लागले होते, मी पेढे घेऊनच घरी आले. दादाने पत्र दोनदा वाचले, घडी घातली आणि म्हणाला, आत्ता कसं जाता येईल? काशिनाथच्या अंगठ्याला मागच्या आठवड्यात लागलंय. मोसम ऐन रंगात, संघात तिसरा कीपर नाही. उद्या त्याला उभं राहता आलं नाही तर कोण आहे? मी म्हटले, अरे, अंगठा दोन आठवड्यांत बरा होईल आणि तू पुन्हा पाणी वाहशील. तो म्हणाला, होईल ना बरा, होऊ दे की. म्हणजे बघा. काशिनाथला काही झाले तर आपण हवे म्हणून हा थांबणार, आणि काशिनाथला काही होऊ नये म्हणून स्वतः त्याचा अंगठा शेकणार. या तर्कापुढे मी हात टेकले. त्या पत्राला त्याने नम्र नकार लिहिला, अक्षर इतके सुंदर की मला आणखीच संताप आला. पेढे वाया जाऊ नयेत म्हणून त्याने ते संघाला वाटले.

आणि मग, आठव्या वर्षी, ज्यासाठी तो थांबला होता ते एकदाचे घडले.

कल्याणच्या मैदानावर अंतिम सामना होता. काथ्याच्या मॅटिंगवरचा खेळ, कडेला कनाती, कारखान्यातली माणसे बायकामुलांसह आलेली. मी नेहमीप्रमाणे माझी वही घेऊन तंबूच्या टोकाला बसले होते. अधिकृत स्कोअरर वेगळा, मी आपली माझ्यापुरता स्कोअर लिहायची. दुसऱ्या संघाला जिंकायला चाळीसेक धावा हव्या होत्या आणि त्यांचे तीनच गडी उरले होते. चहाच्या आधी एक चेंडू उसळून काशिनाथच्या बोटावर बसला. दादा पेटी घेऊन धावला. खेळपट्टीच्या कडेला बसून त्याने काशिनाथची दोन बोटे एकत्र बांधली. बांधायला वेळ बराच लागला, दोघांचे काही बोलणेही चालले होते, पण माझ्यापर्यंत काय ऐकू येणार? मग काशिनाथ हात छातीशी धरून बाहेर आला.

बदली खेळाडूला क्षेत्ररक्षण करता येते, पण त्याने कीपर म्हणून उभे राहायचे तर समोरच्या कॅप्टनची हरकत नसावी लागते. अंपायर त्यांच्या तंबूकडे विचारायला गेले. तो कॅप्टन म्हणजे दादाच्या कॉलेजातलाच, पूर्वी त्याच्या तोंडाकडे बघून गोलंदाज बदलणारा. त्याने लगेच होकार दिला, असे कळले. आणि आमचा दादा आठ वर्षे तेल लावून मऊ ठेवलेले स्वतःचे ग्लव्हज घालून आत गेला. मला वहीतली ओळ दिसेना, डोळे इतके भरून आले होते. नाना हयात नव्हते. ते असते तर, असे सारखे मनात येत होते.

अर्धा तास त्याने जे केले ते बघायला कारखान्यातली माणसे उठून मैदानाच्या कडेला येऊन उभी राहिली. इतकी वर्षे हा माणूस आपल्याला पाणी देत होता, हे त्यांना जणू त्या दिवशी कळले. पुन्हा तसेच, चेंडू हातात पडल्याचा आवाज नाही. दोन गडी बाद झाले. शेवटची जोडी, सतरा धावा हव्या, आणि खेळणारा फलंदाज चांगला जम बसलेला. त्याच्या बॅटची कड घेऊन चेंडू खाली, डाव्या हाताला गेला. दादाने अंग झोकून दिले. अंपायरचे बोट वर गेले. टोप्या उडाल्या, माणसे मैदानात शिरली. बदली खेळाडूने झेल घेतला तर स्कोअरच्या वहीत त्याचे नाव लिहीत नाहीत, नुसते 'झे. बदली' असे लिहितात. मी नियम बाजूला ठेवला आणि शाईने ठसठशीत लिहिले : झे. मधुकर.

मान वर करून पाहते तर दादा अंपायरपाशी उभा. काहीतरी सांगत होता. मग त्याने जमिनीकडे बोट दाखवले. गर्दीला मागे सारले गेले, तंबूकडे निघालेल्या फलंदाजाला हाक मारून परत बोलावले. त्या बाबाने उरलेल्या सतरा धावा काढल्या. आम्ही हरलो. साहेब मोटारीत बसून निघून गेले. आठ वर्षांत एक झेल, आणि तोही परत.

घरी गेल्यावर मी त्याला सोडले नाही. विचारले, अंपायरने बाद दिलं होतं ना?

"चेंडू आधी खाली टेकला, शालू. हाताला कळलं मला."

"अंपायरला नव्हतं कळलं."

"तो काय करणार? तो माझ्याच तोंडाकडे बघत होता."

पुढच्या मोसमात काशिनाथ पहिला आणि दादा पुन्हा बारावा. त्यानंतर त्याने खेळणेच सोडले, टेबलाशी बसला आणि तिथूनच निवृत्त झाला. वकिली राहिली ती राहिलीच. पाणी वाटायची सवय मात्र गेली नाही. घरी पाच माणसे जेवायला बसोत की पन्नास, सगळ्यांची भांडी भरल्याशिवाय हा पानावर बसायचा नाही. लग्नात, मुंजीत, स्वतःच्या षष्ट्यब्दीलासुद्धा हातात तांब्या. वहिनी थकली, मी थकले. मी तर एकदा चारचौघांत म्हटले, दादा, सामना संपला, आता तरी बस. तो हसला आणि माझेच भांडे भरून पुढे गेला.

गेल्या महिन्यात त्याच्या दिवसकार्याला काशिनाथ आला. बाळकुमला त्याच्या जमिनीवर आता उंच इमारती आहेत, नातवाच्या गाडीतून आला होता. गुडघे गेलेले, पण बोटे तशीच, जाडजूड, वाकडी. पाने मांडेपर्यंत माझ्याजवळ खुर्चीत बसला. जुने काही निघणारच होते. मी म्हटले, त्या दिवशी तुमचं बोट मोडलं नसतं तर तुम्ही तो सामना जिंकून दिला असता. काशिनाथने आपली वाकडी बोटे माझ्यापुढे धरली.

"ताय," तो म्हणाला, "त्या दिसा माजा बोट मोरला नव्हता. निसता सुजलेला. आठ वर्सां मी त्यांचे हातचा पानी प्यालो. मना वाटला, एक दिस तरी त्यांनी उभा र्‍हावा."

मी विचारले, दादाला कळलं नव्हतं?

"त्यांनीच तं पट्टी बांदली. बोट दाबून बगितला आनि माजे तोंडाकरं बगितला. बोलले, काशिनाथ, असा करू नको. मी बोललो, जावा. लय येल बसून र्‍हायले. मंग गेले."

म्हणजे त्याला ठाऊक होते. आपण खोट्या दुखापतीवर आत जात आहोत हे ठाऊक असून तो गेला. पन्नास वर्षे मी या माणसाला संतपणाबद्दल बोल लावत आले, आणि त्याला तर खेळायचे होते. माझ्याइतकेच, माझ्याहून कितीतरी जास्त, इतके की एक खोटे त्याने गिळले. दुसरे त्याच्या घशाखाली उतरले नाही, एवढेच. दोघांनी एकमेकांवर उपकार केले आणि कारखान्याचा सामना घालवला, आणि मला यातले कुणी अक्षरानेही सांगितले नाही. मी अशी संतापले की दादा समोर असता तर त्याला दोन शब्द सुनावलेच असते... समोर त्याचा फोटो होता, त्याला हार घातलेला होता.

पाने वाढून झाली. सगळे बसले. पहिला घास घेतला आणि भाच्याला ठसका लागला. त्याने भांड्याकडे हात नेला. भांडे रिकामे होते. माझेही. वहिनीचेही. तीस-पस्तीस माणसांची पंगत, आणि एकाच्याही भांड्यात पाणी नाही. या घरात पाणी वाढायचे असते हे कुणाला माहीतच नव्हते. मी उठायला लागले, तेवढ्यात काशिनाथ भिंतीला धरून उभा राहिला. कोपऱ्यातला तांब्या त्याने उचलला. नातू धावला, त्याला त्याने हातानेच थांबवले. मी म्हटले, अहो, तुम्ही पाहुणे, तुमचे गुडघे...

"बसा तुमी, ताय. आज दादांचे बदली मी."

एकेका पानापाशी थांबत, वाकताना तोंड वाकडे करत तो ओळीने येऊ लागला. मला त्याचाही राग आला होता, खरे सांगते. तो माझ्यापाशी आला तेव्हा मी भांडे पुढे केले.