शेवंताबाईंची चाल

निरोप आला तेव्हा मी शहापूरला शाळेत सहावीच्या वर्गावर होते. शिपाई दारात येऊन म्हणाला, बाई, घरून फोन आहे. फोनवर माझे यजमान विलास एवढंच म्हणाले, "आई गेली गं… चहा प्यायली, ओट्यावर भिंतीला टेकून बसली, आणि गेली." मुरबाडच्या एसटीत बसले, तर डोळ्यांसमोर त्यांचा चेहरा येईना, येत होती ती त्यांची चाल. आज दीड महिना झाला, तरी माझ्या सासूबाई शेवंताबाई मला आठवतात त्या चालतानाच.

मी त्यांना आत्या म्हणायचे. नवी नवरी होते तेव्हा त्यांच्या बरोबरीनं चालायचं तर मला जवळजवळ धावावं लागे. सासरे, ज्यांना मी मामा म्हणते, भातसानगरला धरणावर नोकरीला. शनिवारी घरी यायचे. बाकी घर आत्यांच्याच हातात. दुसऱ्यांच्या शेतात लावणी-कापणी करून त्यांनी मुलांना शिकवलं. त्यांचा धाकटा भाऊ दारूनं ऐन तिशीत गेला. त्यानंतर नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी बुद्धविहारात बायका गोळा केल्या आणि ओढ्यापलीकडच्या हातभट्टीवर थेट चालून गेल्या. पुढे आत्या, मागे बायका. पिंपं ओढ्यात उलटी केली. भट्टीवाल्याची बायको चांगुणा पुढे कितीतरी वर्षं आत्या दिसल्या की तोंड फिरवायची.

मग काही वर्षांनी ती चाल बिघडली. पाय फाकवून टाकायच्या, छोटी छोटी पावलं, उंबऱ्याशी आल्या की थबकायच्या. वळताना तोल जायचा. आमटीत दोनदा मीठ पडू लागलं. नातवाला विलास म्हणून हाका मारू लागल्या. विहारात जाणं त्यांनी एकाएकी बंद केलं, कारण सांगेनात. ते मला कपडे धुताना कळलं. लुगडं ओलं व्हायचं, आणि त्या ते घडी करून खाटेखाली सारून ठेवायच्या. मीही ते गुपचूप धुऊन ठेवायचे. तालुक्याच्या डॉक्टरांनी वय झालंय म्हणून सांगितलं, ताकदीचं औषध दिलं.

अशातच मुरबाडच्या बाजारात त्या भेलकांडल्या. भाजीवालीच्या पाट्यांवर पडता पडता वाचल्या. मागून कुणीतरी म्हणालं, दारू बंद करता करता बाईच घ्यायला लागली. आम्ही घरी पोचायच्या आत ते वाक्य गावात पोचलं होतं. चांगुणानं त्यात आपलीही भर घातली. आत्या त्या दिवशी जेवल्या नाहीत. भिंतीकडे तोंड करून पडून राहिल्या…

विलासना ते सहन होईना. त्यांनी ओळखीतून मुंबईच्या एका सरकारी इस्पितळातल्या मेंदूच्या डॉक्टरांचं नाव मिळवलं. त्या डॉक्टर बाईंनी आधी कागद पाहिलेच नाहीत. आत्यांना उठवलं, चालायला लावलं, आणि पायांकडे बघत विचारलं की कसं वाटतं. "चिखलात लावणी करताना पाय रुततात ना, तसं," आत्या म्हणाल्या. डॉक्टरांनी मान डोलावली. डोक्याचा फोटो काढल्यावर त्यांनी समजावलं की मेंदूच्या आतल्या पोकळ्यांत पाणी साठलंय, चालणं, लघवी आणि आठवण तिन्ही त्यानंच बिघडलंय. आधी पाठीतून सुई घालून थोडं पाणी काढून पाहू, फरक पडला तर ऑपरेशनचा उपयोग होईल. पाणी काढलं, आणि दुसऱ्या दिवशी आत्या भिंत न धरता वॉर्डच्या खिडकीपर्यंत गेल्या. तिथून वळून त्यांनी माझ्याकडे पाहिलं, ती नजर मी विसरणार नाही.

तरीही ऑपरेशन म्हटल्यावर नातेवाईक हबकले. कवटीला भोक पाडून बारीक नळी घालायची, ती कातडीखालून पोटापर्यंत न्यायची, म्हणजे जास्तीचं पाणी पोटात जिरत राहील. रक्तस्राव होऊ शकतो, नळीची जागा पिकू शकते, आणि आठवण पुरती परत येईलच असं नाही, हे डॉक्टरांनी आडपडदा न ठेवता सांगितलं. या वयात डोक्याला हात कशाला लावायचा, असं सगळ्यांचं म्हणणं पडलं. शेवटी आत्याच बोलल्या, "याद नाय आली तरी चालंल. पन बाई पिऊन मेली असं नाय बोलू द्यायची मी. मला या गावातनं एकदा सरळ चालत जायचंय."

ऑपरेशन झालं. डोक्यावर टाके, कानामागे कातडीखाली नळीतलं पाणी सोडणाऱ्या झडपेचा सुपारीएवढा उंचवटा. पाय हळूहळू सुटले, लुगडी कोरडी राहू लागली. आठवण मात्र अर्धीमुर्धीच आली. माझं नाव त्या शेवटपर्यंत चुकवत राहिल्या. केस बोटभर वाढल्यावर एका सकाळी डोक्यावर पदर न घेता त्या गावातून निघाल्या. मी मागे होते, पण हात दिला नाही. विहारावरून सरळ चांगुणाच्या दारात गेल्या. ती भांडी घासत होती, दचकून उठली. आत्यांनी तिचा ओला हात धरला आणि बोट आपल्या कानामागं टेकवलं. "ही बघ गो माझी बाटली. डोक्यातनं पोटात जाते." चांगुणा आधी घाबरली, मग हसली, आणि हसता हसता रडायलाच लागली. आत जाऊन तिनं चहा टाकला. त्या दोघी कितीतरी वर्षांनी एका ओट्यावर बसल्या होत्या.

मधे एकदा नळी तुंबली. आत्यांचे पाय पुन्हा घासायला लागलेत हे चांगुणानंच आधी ओळखलं आणि धावत येऊन सांगितलं, म्हणून वेळेत इस्पितळात पोचलो. नळी बदलून घेतली. त्यानंतरही आत्यांना चांगली वर्षं मिळाली. गेल्या त्या हृदयविकारानं… डोक्याची नळी शेवटपर्यंत चालू होती.

मागच्या खोलीतून संडासाकडे जाणाऱ्या भिंतीला कमरेच्या उंचीवर एक लोखंडी पाइप आहे. आत्यांना धरायला म्हणून आजारपणात मामांनीच भातसानगरहून आणून बसवला होता. त्या बऱ्या झाल्यावर विलास तो काढायला निघाले, तर आत्यांनी अडवलं. राहू दे रे, उद्या कुनाला लागंल, म्हणाल्या, आणि त्यावर रोज आपलं लुगडं वाळत घालू लागल्या. त्या गेल्यावर ते शेवटचं लुगडं मी काढून घडी करून ठेवलं. आता सकाळी मामा खोलीतून बाहेर येतात, चाचपडत हात पुढे करतात, आणि तो पाइप धरून हळूहळू चालू लागतात.