पापडांवरची राख

मी एकतीस वर्षं विदर्भातल्या एका औष्णिक वीज केंद्रात बॉयलर चालवला. निवृत्त होऊन देवगड तालुक्यातल्या आमच्या गावी परतलो, तेव्हा शेजाऱ्याने विचारलेला पहिला प्रश्न असा होता, "मगे, आता आमची लाइट जावची नाय मां?" दोन दिवसांनी लाइट गेली आणि गावातली माझी पतही तिच्याबरोबरच गेली. त्यानंतर चार वर्षं मला कोणी काही विचारलं नाही. मी कलमांना खत घालायचो, बाजारात मासे महाग का झाले यावर बोलायचो आणि दुपारी झोपायचो.

मग आमच्या किनाऱ्यावर कोळशाचं वीज केंद्र काढायचं ठरलं. म्हणजे एका कंपनीने ठरवलं. आम्हाला ते कळायचं होतं. कोळसा बोटीने यायचा, वरच्या कातळावर बॉयलर उभे राहायचे आणि त्याआधी कायद्याप्रमाणे गावकऱ्यांची सुनावणी व्हायची. त्या तयारीसाठी कंपनीची एक जनसंपर्क अधिकारी मुंबईहून आली. तिशीची, गोड बोलणारी बाई. आमच्या पडवीत बसली, कोकम सरबत प्याली आणि म्हणाली, "काका, तुम्ही कोणाचीच बाजू घेऊ नका. कोळशाची वीज कशी होते, एवढंच लोकांना त्यांच्या भाषेत सांगा."

मी लगेच हो म्हटलं. इथे तत्त्वाचा वगैरे काही संबंध नव्हता. एकतीस वर्षांत मला कोणी बॉयलरबद्दल बोला म्हणालं नव्हतं. उलट लग्नकार्यात मी तो विषय काढला की माणसं ताट घेऊन दुसऱ्या पंगतीत जात.

बाई गेल्यावर माझी बायको मागच्या दारातून आत आली. ती आमच्याच जिल्ह्यातल्या मसुऱ्याची. मी काय ते सांगितलं. ती म्हणाली, "तुमका बोलाक येता?"

"माका बॉयलर येता," मी म्हटलं.

"ता येगळा," ती म्हणाली आणि नारळ खवायला बसली.

पुढचे आठ दिवस मी तिच्यासमोर सराव केला. ती खोबरं खवायची, मी इतिहास सांगायचो. आमचं पहिलं युनिट परदेशातून आलं. सोबत जी पुस्तकं आली ती इंग्रजीतही नव्हती, त्यामुळे पहिल्या पिढीतल्या लोकांनी कुठला पाइप गरम असतो हे हात लावून शिकून घेतलं. मी लागलो तेव्हा त्या सगळ्यांच्या हातांवर डाग होते आणि त्यांचा तोराही मोठा होता. त्या बॉयलरला सगळे म्हातारी म्हणत. ती बिनसली की आवाज बदलायची. नियंत्रण कक्षातले काटे जाग्यावर असायचे आणि माझा वरिष्ठ चहाचा कप ठेवून म्हणायचा, "म्हातारी कण्हतेय." तासाभरात कुठेतरी नळी फुटलेली सापडायची. प्रत्येक वेळी बॉयलर पेटवण्याआधी नारळ फुटायचा. आमच्या मुख्य अभियंत्याचा देवावर विश्वास नव्हता, पण नारळ न फोडता पेटवायची त्याचीही छाती नव्हती. गावच्या देवळात वर्षभरात फुटत नसतील एवढे नारळ आम्ही त्या लोखंडापुढे फोडले.

माझ्या नोकरीच्या शेवटच्या वर्षी ते युनिट बंद केलं आणि भंगारात काढलं. गॅस कटर घेतलेले लोक आले. मी अर्ध्या दिवसाची रजा टाकून ते बघायला गेलो आणि घरी येऊन पित्त झालंय म्हणून पडून राहिलो. हे मी सरावात सांगितलं नाही. बायकोला तेव्हाच कळलं होतं, हे मला नंतर समजलं.

सुनावणी शाळेच्या मैदानावर झाली. मंडप, खुर्च्या, भिंतीएवढे पंखे आणि ते चालवायला डिझेलचा जनरेटर. विजेच्या फायद्यांवरची पहिली दोन भाषणं त्या जनरेटरच्या आवाजात कोणाला ऐकूच आली नाहीत. समोर सरकारी अधिकारी बसले होते, शेजारी कंपनीचे लोक. मग माझं नाव पुकारलं.

मी बोललो, आणि खोटं कशाला सांगू, चांगलं बोललो. मालवणीतच सांगितलं. कोळसा दळायचा, बाईच्या तोंडाच्या पावडरीइतका बारीक. तो गरम हवेबरोबर आत फुंकायचा. आत जाळ, बाजूच्या भिंतींना सगळ्या नळ्या, नळ्यांत पाणी. पाण्याची वाफ होते, ती वाफ टर्बाइनच्या पात्यांवर सोडायची, की ती मिनिटाला तीन हजार फेरे मारतात. पुढे जनित्र, पुढे तारा, पुढे तुमच्या घरातला टीव्ही. लोक हसले. सरकारी अधिकाऱ्यांनी मान डोलावली. मी खूश झालो, आणि माणूस खूश झाला की त्याने खाली बसावं, ते मी केलं नाही.

बंदरावरचे एक मुसलमान म्हातारे उठले. दोन बोटींचे मालक, माझ्या वडिलांच्या ओळखीतले. म्हणाले, "आणि ती वाफ मगे जाता खंय?"

प्रश्न अचूक होता. आमच्याकडे नव्याने लागलेले अभियंतेसुद्धा तो लगेच विचारत नाहीत. मी म्हटलं, "चाचा, तिका थंड करून परत पाणी करतत. त्येका समुद्राचा पाणी लागता. ता पाणी मगे परत समुद्रात."

"गरम?"

"थोडा गरम."

"थोडा म्हंजे माणसाक थोडा काय माशाक थोडा?"

आमचं केंद्र नदीकाठी होतं आणि नदीतल्या माशांची मतं आम्ही घेतली नव्हती. कंपनीच्या एका साहेबांनी माइक घेऊन सगळं अहवालात असल्याचं सांगितलं. चाचा म्हणाले, "मासे अहवाल वाचणत नाय," आणि बसले.

मग आतल्या गावातला एक आंबेवाला उठला आणि राखेचं विचारू लागला. मोहोरावर राख बसली तर काय? इथे मी तयारीत होतो. धुराड्याच्या आधी विजेच्या पट्ट्यांचं मोठं यंत्र असतं, ते राख ओढून घेतं, जवळजवळ सगळी. मी ते हात पसरून दाखवलं.

तेवढ्यात बायकांच्या बाजूला कोणीतरी उभं राहिलं. ती माझी बायको होती. तिने अर्ज दिला नव्हता, नाव नोंदवलं नव्हतं, आणि मला तर अजिबात सांगितलं नव्हतं. ती म्हणाली, "जवळजवळ सगळी, तर मगे माज्या पापडार काय पडायचा?"

सरकारी अधिकारी म्हणाले, "ताई, नोंद करायची आहे, जरा मराठीत सांगा."

तिने पदर सारखा केला आणि शाळेत धडा वाचावा तशी स्वच्छ मराठीत बोलू लागली. "मी या बोलणाऱ्या गृहस्थांची पत्नी. अठ्ठावीस वर्षं वीज केंद्राच्या वसाहतीत राहिले. पापड वाळत घातले की वरून कापड, कापडावर अजून एक कापड. तरी खाताना दाताखाली कचकच. तुळशीला पाणी घालायच्या आधी तिची पानं पुसायची. वाऱ्याच्या दिवसांत राखेच्या तळ्याकडून असं काही यायचं की समोरचं घर दिसत नसे. मी वाईट म्हणत नाही. आमच्या मुलींची शिक्षणं त्याच नोकरीवर झाली. पण हे सगळी राख पकडली म्हणतात, ते खरं नाही. यांनाच विचारा."

मंडपातली सगळी तोंडं माझ्याकडे वळली. अधिकाऱ्यांनी विचारलं, "खरं आहे का?"

मला नाही म्हणता आलं असतं. यंत्राबद्दल मी बोललो ते पुस्तकाप्रमाणे बरोबरच होतं. पण माझे शर्ट तिनेच अठ्ठावीस वर्षं झटकून आत आणले होते. मी म्हटलं, "खरं आहे. यंत्र धुरातली राख पकडतं. पण ती नंतर पाण्यातून तळ्यात सोडतात, आणि तळं सुकलं की ती उडते. तिथे पकडायला कोणी नसतं."

एवढं बोलून मी बसलो. लोकांनी टाळ्या वाजवल्या, आणि मला मात्र जुन्या मित्राची चहाडी केल्यासारखं वाटत राहिलं. म्हातारीने मला एकतीस वर्षं पोसलं होतं. समोर कंपनीची ती गोड बाई कागदांत काहीतरी शोधत होती, जे तिथे नव्हतं.

परत येताना स्कूटरवर ती मागे बसली होती. चढाला मी म्हटलं, "इतकी वर्षां कदी बोललंस नाय."

"तुमी घरी येवन बॉयलरचाच सांगायचास," ती म्हणाली. "माका मदी बोलाक जागा गावाक नाय."

"तुका त्येचो राग इलेलो?"

"राग नाय. तुमका ता आवडायचा. माका कळायचा. ता मोडल्यानी तेवा तुमी पित्त म्हणून झोपलास, तेवा पण माका कळला."

मी गाडी बाजूला घेतली, कारण चढ होता आणि डोळ्यांत काहीतरी गेलं होतं. तिने मागून पदर पुढे केला.

वर्षभरात कंपनी गप्प झाली. कातळावर त्यांनी हद्दीसाठी रोवलेले खांब कोणीतरी कुंपणाला नेले. का गप्प झाली ते मला माहीत नाही. कोणी म्हणतं समुद्र तिथे पुरेसा खोल नव्हता, कोणी म्हणतं वरती माणसं बदलली. गाव म्हणतं पापडांमुळे. मी तांत्रिक कारणं समजावून सांगायचा प्रयत्न केला, पण लोक ताट घेऊन दुसऱ्या पंगतीत जायच्या तयारीत दिसले. कंपनीच्या त्या बाईचा मोबाइलवर निरोप आला, "काका, तुमचं भाषण छान होतं. काकूंचं जास्त." तिने तोवर नोकरी बदलली होती.

हल्ली किनाऱ्यावर कुठे कसला कारखाना यायचा म्हटलं की बायकोला बोलावणं येतं. मी तिला स्कूटरवरून नेतो आणि मागच्या रांगेत बसतो. ओळख करून देताना मला तिचे मिस्टर म्हणतात. गेल्या महिन्यात महामार्गावरच्या नांदगावजवळ एका बैठकीत एका शिक्षिकेने चहाच्या वेळी मला विचारलं, "बॉयलर म्हणजे नेमकं काय असतं?" मी बशी खाली ठेवली. बायकोने तिला हळूच बाजूला घेतलं आणि ती म्हणाली, "बसान ऐका. बरा सांगतत."