तोंडावर लावलेलं दार

लहानपणी तिला घरात भोंगा म्हणायचे. नाव ठेवलं ताईनं. कारखान्याचा भोंगा सकाळी सहाला वाजायचा आणि ही त्याच्याआधी पाच मिनिटं अंथरुणातच गायला लागायची, मग दुसरं काय म्हणणार? आई गेलेली, वडील बोटीवर, म्हणजे असून नसल्यासारखे. ताई अकरा वर्षांनी मोठी, रुग्णालयाच्या लाँड्रीत कामाला. चादरी, उशांचे अभ्रे, डॉक्टरांचे हिरवे कपडे. दिवसभर वाफेत उभं राहून तिचे हात कोपरापर्यंत लाल असायचे.

खोली एकच, भिंती पातळ. भोंग्यानं सूर लावला की शेजारीण भांडायला हजर. म्हणून ताई हिला आत बसवायची, बाहेरून दार लावून घ्यायची आणि स्वतः जिन्याच्या पायरीवर बसून राहायची. शेजारीण आली की, "काय असेल ते मला बोला," म्हणून तिथूनच परतवायची. रोज तासभर. कामावरून आल्यावर, पाय सुजलेले असताना. हे खरं घडलेलं, नीट ऐकून ठेवा, कारण पुढे ह्याच भोंग्यानं त्याचं जे केलं ते सांगताना मलाच कसंतरी होतं.

चर्चच्या गायकवृंदात ती मागच्या रांगेतून पुढच्या रांगेत आली, मग एकटी गायला लागली. आवाज देवाघरचा, त्यात खोट नाही. एका अंत्यविधीला अशी गायली की पास्टरसाहेब पुढची प्रार्थनाच विसरले. गावोगावची बोलावणी येऊ लागली. गाण्याआधी साक्ष द्यायची, म्हणजे देवानं आपल्या आयुष्यात काय केलं ते थोडक्यात सांगायचं. हिची साक्ष साधी होती: आई नव्हती, बहिणीनं वाढवलं, देवाची कृपा. लोक ऐकायचे, खोकायचे, आमेन म्हणायचे.

पुढे कंपन्या आणि कॉलेजं बोलावू लागली. विषय 'हार मानू नका', मध्ये दोन गाणी. कार्यक्रम जमवणारा मॅनेजर एकदा म्हणाला, "मॅडम, गाणं झकास. पण गोष्ट अळणी आहे हो. तुमच्या वाटेत कुणी आडवंच येत नाही!"

अळणी! तिला ते झोंबलं. पुढच्याच भाषणात उचलली जीभ, लावली टाळ्याला. "माझी सख्खी बहीण मला भोंगा म्हणून हिणवायची." सभागृह एकदम चिडीचूप. ती शांतता तिला इतकी गोड लागली, की पुढच्या वेळी गोष्टीतली बहीण गाणं ऐकून दार लावायला लागली. त्याच्या पुढच्या वेळी दार तोंडावर लागलं. वर्षभरात तर हीच बाहेर थंडीत पायरीवर बसून गात होती आणि ताई आत उबेत! पायरीवर कोण बसायचं, सांगा बरं? पण भोंगा होता, दार होतं, पायरीही होती. आपण खोटं कुठे बोलतो, थोडं तिखटमीठ लावतो, अशी ती मनाची समजूत घालायची. मात्र घरी आल्यावर ताईनं, "कसं झालं गं?" विचारलं की उगाच पर्समध्ये किल्ली शोधत बसायची. शेवटचं वाक्य ठरलेलं होतं: "आणि त्या बहिणीला मी माफ केलं." तिथे टाळ्या. ही सगळी गोष्ट तिच्या माहितीपत्रकावरही छापली गेली.

भाषणं नेहमी कामाच्या वेळात, त्यामुळे ताईला यातलं काही ठाऊक नव्हतं. मग ती निवृत्त झाली. चौथ्याच दिवशी म्हणाली, "आता मी मोकळी. तुला ऐकायला येते."

"कंटाळशील गं."

"तुला?" ताई हसली.

एका विमा कंपनीचा मेळावा होता, सकाळी अकराला. पाचशे माणसं. ताई ठेवणीतले कपडे घालून तिसऱ्या रांगेत. आज तो भाग गाळायचा, हिनं ठरवलं होतं, आणि गाळलाही. भाषण संपत आलं, हायसं वाटलं. तेवढ्यात सूत्रसंचालक बाई माइक घेऊन उठल्या. दारातच ताईनं त्यांना कौतुकानं सांगितलं होतं, "मी तिची बहीण."

"मॅडमनी आज एक गोष्ट सांगितली नाही," बाई म्हणाल्या, आणि माहितीपत्रकातून सगळी वाचून दाखवली. भोंगा, थंडी, तोंडावर लावलेलं दार. "आणि मंडळी, ती बहीण आज इथे आहे!"

ताईला हाताला धरून वर आणत होते. भाषणाचा माइक अजून हिच्याच हातात होता. खोटं आहे, एवढं एकच वाक्य बोलायचं होतं. ते बोललं तर पुन्हा कोण बोलावणार? ताईनं तिच्या तोंडाकडे पाहिलं, हळूच तिच्या हातातून माइक घेतला.

"दार मी लावायचे, हे खरं आहे," ताई म्हणाली. "भोंगाही मीच म्हणायचे. तिला लागलं असेल तर... चुकलं माझं."

लोक उठून उभे राहिले. कुणी डोळे पुसत होतं. दोघींना मिठी मारायला लावली, फोटो निघाले, आणि गाण्याची फर्माईश झाली. ही गायली. लाज बघा, मेलीचा सूर तेव्हाही हलला नाही!

मंचामागच्या खोलीत मॅनेजर धावत आला. "मॅडम, कमाल! ताईंना दर वेळी आणता येईल का?" तिनं त्याला बाहेर घालवलं. खाली मान घालून ती उभी राहिली. मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं.

ताई खुर्चीत बसली होती. "भोंग्या," म्हणाली, आणि जीभ चावली. "नाही म्हणणार आता. पण एक विचारू? ते थंडीत बाहेर बसवल्याचं मला आठवतच नाही गं. कामावरून येऊन मेल्यासारखी पडायचे मी. घातलंही असेल बाहेर. तू कशाला खोटं बोलशील?"

सांग, आता तरी सांग. जनाची नाही तर मनाची तरी! तिनं तोंड उघडलंही.

"पण माफ केलंस ना?" ताईचे डोळे भरले होते. "खरंच केलंस, का नुसतं लोकांना सांगतेस?"

"केलं," ती म्हणाली. "कधीच केलं, ताई."

ताईनं सुटकेचा श्वास सोडला. "उपकार झाले गं," म्हणाली.