नकाशावरची वीत

कुठेही बसण्याआधी ते भिंतीला तळहात लावून दाबून बघत. भिंत हलली नाही, की मग टेकत. आमच्या घरी आले तरी तेच. "आपल्या घराची परीक्षा घेतात हे," म्हणून बायको हसायची.

हे आमचे शेजारी. गोंदियाच्या एका राइस मिलमध्ये त्यांनी उभा जन्म हमाली केली. पोत्यांच्या थप्प्या पार छताला जात. खालचं पोतं ओढायचं झालं, की एकाने ओढायचं आणि जोडीदाराने थप्पीला हात लावून उभं राहायचं, अशी त्यांची रीत. थप्पी सरकायच्या आधी हाताला कळतं म्हणे. एकदा त्यांनी बिडी पेटवायला हात काढला. जोडीदार पोत्यांखालून जिवंत निघाला नाही. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं, आपल्या हाताकडे बघत.

अशा माणसाची एकुलती एक लेक हिमालयात रस्त्यांच्या मोजणीच्या नोकरीला लागली. तुम्ही हसाल, पण पहाड म्हणजे देवाने रचलेली थप्पी आणि तिला हात लावून कोणीच उभं नाही, हे त्यांच्या मनाने जे धरलं ते सुटेना.

टीव्हीवर कुठल्याही पहाडाची बातमी आली, की ते माझ्याकडे हजर. मी भूगोलाचा मास्तर. बैठकीत जगाचा मोठा नकाशा टांगलेला.

"गुरुजी, हे अँडीज कोनाकडं आहे जी?"

"दक्षिण अमेरिकेत. पश्चिमेच्या काठाने, वरपासून खालपर्यंत."

ते लेकीच्या जागेवर अंगठा टेकवत आणि वीत पसरत. पहाड वितीबाहेर असला तरच चहा घेत. रॉकी उत्तर अमेरिकेत, आल्प्स युरोपात, ॲटलास उत्तर आफ्रिकेत, सगळे त्यांना भीतीपायी पाठ झाले. माझे विद्यार्थी मार्कांपायी एवढं शिकले नाहीत. हिंदुकुश मात्र वितीच्या आत आला. "तो अफगाणिस्तानात आहे हो," मी समजावलं. चहा तसाच राहिला.

मग या पावसाळ्यात हिमालयातच दरड कोसळल्याची बातमी आली, लेकीच्याच भागातली. ते आले नाहीत. मीच गेलो. घरात भिंतीला दोन्ही हात लावून उभे होते. लेकीचा फोन लागत नव्हता.

"चला, नकाशा बघू," काहीतरी बोलायचं म्हणून मी बोललो.

"कायले जी? अंगठा ठेवतो तेथंच दरड पडली."

दुसऱ्या दिवशी लेकीचा फोन आला. ती सुखरूप होती. मला वाटलं, आता माणूस निवळेल. पण ते पिशवी भरायला बसले.

"कुठं निघालात? पहाडाचं नाव काढलं तरी तुम्हाला धडकी भरते!"

"भेव लागते म्हनूनच त जाऊन राहिलो," ते म्हणाले. "पोरगी खाली काम करते. तेथं हात लावून कोनी उभं नाही."

आता शेजारच्या दाराला कुलूप आहे. बातम्यांत पहाड आला, की मीच उठून नकाशावर वीत ठेवतो.

परवा लेकीने फोटो पाठवला. कानांना मफलर गुंडाळून ते कड्याला तळहात लावून उभे आहेत, मान वर करून. कडा काही फोटोत मावलेला नाही.