काचिताला बोललेला ग्लोव्ह

सामन्याच्या दिवशी अर्सेनिओ घरात टेकत म्हणून नसे. झुलत्या खुर्चीत बसायचा, चार झोके घ्यायचा, उठायचा, फाटकापर्यंत जाऊन परत यायचा. मी म्हणायची, "अरे, फरशीची तरी दया कर." तो म्हणायचा, "म्हातारे, पाय थांबले की हात आखडतो." मी तेव्हा तिशीचीसुद्धा नव्हते, पण म्हातारे म्हणायची त्याची सवय लग्नापासूनची.

सगळी वस्ती त्याला डावऱ्या म्हणायची. कारखान्याच्या कागदावर तो लेथवाला होता, पण लेथला हात लावून त्याला कैक वर्षं झाली असतील. एकोणिसाव्या वर्षी प्रांताच्या बेसबॉल संघाने त्याला उचललं, आणि तेव्हापासून गळिताच्या दिवसांत बाकीचे पुरुष साखरेच्या वाफेत उभे असत आणि हा मैदानात, चेंडू टाकायच्या मातीच्या उंचवट्यावर. त्याचा चेंडू फार वेगाचा नव्हता. पण बॅटीपाशी पोचता पोचता तो खाली बसायचा, आणि समोरचा गडी वरच्या हवेत बॅट फिरवून मोकळा व्हायचा. बाल्दोमेरो, त्यांचा व्यवस्थापक, म्हणायचा, "हा चेंडू टाकत नाही, लबाडी टाकतो."

त्याच्याजवळ एकच ग्लोव्ह होता. डावखुऱ्याचा ग्लोव्ह उजव्या हातात बसतो, आणि तसला आमच्या प्रांतात शोधून मिळत नव्हता. बाहेरदेशी खेळायला गेला तेव्हा एका वेनेझुएलाच्या डावखुऱ्याशी त्याने अदलाबदल केली होती, चिरुटांची पेटी आणि स्वतःची टोपी देऊन. तपकिरी कातडं, अंगठ्याशी एक शिवण उसवलेली. रेशनवर मिळणाऱ्या डुकराच्या चरबीतली एक नखभर तो त्या ग्लोव्हला चोळायचा. मी बघत राहायची आणि रताळी नुसती उकडून वाढायची.

चौऱ्याऐंशी साली त्याचा डावा खांदा धरला. हात कानापर्यंत जाईना. डॉक्टरांनी शेक दिला, सुया दिल्या, मग नुसतेच मान हलवायला लागले. तो फाटकाशी जाऊन यायचा, पण आता कुठल्याच सामन्यासाठी नाही. मला ते बघवेना. काचिताची, म्हणजे कोब्रेच्या चर्चमधल्या आमच्या देवीची, तसबीर कपाटाच्या दाराला आतून लावलेली होती. त्या वर्षांत देवधर्म सरकारला खपत नसे, कोण कधी घरात येईल आणि काय विचारेल याचा नेम नव्हता. एका सकाळी मी दार उघडलं आणि म्हटलं, आई, त्याचा हात बरा कर. कोब्रेला येऊन काहीतरी वाहीन.

काहीतरी म्हटलं खरं, पण द्यायचं तर असं द्यावं की देताना आपल्याला दुखेल. मी घरभर नजर फिरवली. शिवणयंत्र होतं, कानातले होते. दुखेल असं घरात एकच होतं, खिळ्याला टांगलेलं. मी म्हटलं, ग्लोव्ह वाहीन.

माझा नव्हता तो. हे मला दार लावल्यावर सुचलं.

मार्चमध्ये त्याचा हात उठला. पुढच्या हंगामात त्याने अकरा सामने जिंकले. वस्तीत ढोल वाजले आणि मी स्वयंपाकघरात भांडी पुन्हा पुन्हा विसळत राहिले. हा हंगाम संपला की त्याला सांगेन, असं मी काचिताला म्हटलं. हंगाम संपला तेव्हा संघ अंतिम फेरीत होता. मग पुढचा. मग त्याला हवाना दाखवायला नेलं. दर वर्षी मी कपाटाचं दार उघडायची, "या हंगामानंतर" म्हणायची आणि तिच्या डोळ्यांकडे न बघता इस्त्रीचे कपडे काढून घ्यायची. मैदानावर मी कधी गेले नाही. घरीच रेडिओ लावायची, धुतलेली चादर घडी करायची, मोडायची, परत करायची. शेजारची ओर्तेन्सिया म्हणायची, "एल्विरा, त्या चादरीने काय पाप केलंय?"

अशी नऊ वर्षं गेली.

टंचाईचं त्र्याण्णव साल आलं. विजेअभावी सामने दुपारी व्हायला लागले, संघ ट्रकमधून फिरायला लागला. रेडिओच्या बॅटऱ्या मी उन्हात तापवून परत घालायची. अर्सेनिओ सदतिसाचा झाला होता. फेब्रुवारीत एका सकाळी माझ्या लक्षात आलं की तो भाजलेले वाटाणे मिसळलेली कॉफी उजव्या हाताने पितोय. दुसऱ्या दिवशीही तसंच. शर्ट घालताना तो डावी बाही आधी घालायचा, हात खालीच ठेवून.  त्या दिवसापासून माझ्या जिवाला घडीची उसंत नव्हती. वाटायचं, ती विसरलेली नाही.

हंगामाचा शेवटचा सामना आमच्याच मैदानावर होता. जिंकलो तर पुढे, हरलो तर घरी. आदल्या दिवशी बाल्दोमेरो सायकलवरून आला आणि खाली न उतरताच म्हणाला, "डावऱ्या, उद्या तूच."

"मग काय तू?" अर्सेनिओ म्हणाला.

सकाळी तो ग्लोव्हला चरबी चोळत बसला होता. मी त्याच्यासमोर उभी राहिले.

"अर्सेनिओ, तो ग्लोव्ह तुझा नाही."

"मग कोणाचा, बाल्दोमेरोचा?"

"काचिताचा. मी बोलून बसलेय."

त्याचं बोट थांबलं. "कधी?"

"तुझा खांदा धरला होता तेव्हा."

"म्हणजे नऊ वर्षं मी देवीच्या ग्लोव्हने खेळतोय." तो हळू आवाजात म्हणाला. "आणि तू मला दोन्ही वेळचं वाढत होतीस. चकार शब्द नाही."

"धीर झाला नाही."

"तुझी इस्त्री का नाही बोललीस?"

"इस्त्रीने हात बरा झाला नसता."

"माझ्या वस्तूवर नवस बोलायला तुला सांगितलं कोणी?"

 तो उठला, फाटकापर्यंत गेला, परत आला. "आणि आता काय, माझा हात तिने धरलाय असं तुला म्हणायचंय?"

"मी काही म्हणत नाही. कॉफी तू उजव्या हाताने पितोस."

तो बघतच राहिला. त्याला वाटत होतं, हे कोणालाच ठाऊक नाही. त्याने ग्लोव्ह काखेत मारला आणि न जेवता गेला.

त्या दुपारी मी पहिल्यांदा मैदानावर गेले. ओर्तेन्सियाने मला पहिल्या रांगेत कठड्याशी बसवलं. लोकांत आलेला चेंडू लोक परत मैदानात टाकत होते, कारण पंचाजवळ चारच चेंडू होते. मागून एकजण सारखा ओरडत होता, "डावऱ्या, आज साखरपाणी प्यालास की नुसतंच पाणी?" अर्सेनिओने मागे न बघता टोपीला हात लावला. उजवा हात, ग्लोव्हसकट.

मी काही मागितलं नाही. मागायला तोंड कुठे होतं? माळेचे मणी नुसते बोटांत फिरवत राहिले.

सहा डाव त्याने काढले. आमच्या तीन धावा, त्यांच्या दोन. सातव्यात चेंडू खाली बसेना. एक गडी बाद झाला, पण दोन गडी बेसवर पोचले. बाल्दोमेरो कठड्यापाशी येऊन उभा राहिला, अर्सेनिओने त्याला हातानेच मागे जा म्हणून खुणावलं. पुढचा चेंडू त्याने टाकला आणि तो होता तिथेच राहिला, छातीच्या उंचीला. बॅटीचा आवाज आला आणि चेंडू सरळ त्याच्या तोंडावर आला. मी डोळे मिटले.

उघडले तेव्हा ग्लोव्ह त्याच्या चेहऱ्यासमोर होता आणि चेंडू ग्लोव्हमध्ये. दुसऱ्या बेसचा गडी पुढे धावत सुटला होता. अर्सेनिओला फेकणं जमणार नव्हतं, त्याने खालूनच चेंडू त्या रिकाम्या बेसकडे लोटला. गडी परत फिरायच्या आत तोही बाद. डाव संपला. सगळं मैदान नाचत होतं आणि हा उंचवट्यावर उभा राहून ग्लोव्हच्या आत बघत होता.

मग तो बाल्दोमेरोकडे गेला आणि म्हणाला, "पुढचे डाव दुसऱ्याला दे. माझा हात गेलाय. फेब्रुवारीपासूनच गेलाय."

"आत्ता सांगतोस?"

"घरात एकीने मला नऊ वर्षांनी सांगितलं. मी त्या मानाने लवकर सांगतोय."

नवव्या डावात त्यांनी दोन धावा काढल्या आणि आम्ही हरलो. लोक गुपचूप उठले. अर्सेनिओ कठड्याशी आला, ग्लोव्ह माझ्या मांडीवर टाकला आणि म्हणाला, "कोब्रेला ट्रक कधी असतो?"

रविवारी गेलो. पिवळी फुलं मी घेतली, ग्लोव्ह त्याने धरला. वाहिलेल्या वस्तूंच्या खोलीत एक म्हातारी नन होती. कापलेल्या वेण्या, कुबड्या, बिल्ले, सगळं ती नीट मांडून ठेवत होती. तिने विचारलं, "कशाबद्दल, बाळा?"

"उशिराबद्दल," अर्सेनिओ म्हणाला.

ती हसली नाही. तिने ग्लोव्ह एका वेणीशेजारी ठेवला. अर्सेनिओ दारापर्यंत जाऊन मागे वळला. "सिस्टर, एक मिनिट." त्याने ग्लोव्ह उजव्या हातात चढवला, डाव्या मुठीने आत तीनदा मारलं, काढला आणि स्वतःच जागेवर ठेवला. मी बाहेर जाऊन उभी राहिले.

परतीच्या ट्रकमध्ये आम्ही उभेच होतो. तो म्हणाला, "माझं आणखी काय काय बोललीयस, ते आत्ताच सांगून टाक."

"चिरूट," मी म्हटलं. "तुझ्या आईच्या दम्याच्या वेळी."

त्याने खिशातला अर्धा चिरूट काढला, हुंगला आणि परत ठेवला. "ते या हंगामानंतर."

आता तो खरोखर लेथवर जातो. वयाने हाताखाली शोभतील अशी पोरं त्याला काम शिकवतात. हंगाम सुरू झाल्यावर सामन्याच्या दिवशी तो एक वाजता घरी येतो. मी बॅटऱ्या उन्हातून आणून रेडिओत घालते. तो चार झोके घेतो आणि उठतो, फाटकाशी जातो. उजव्या हाताची बोटं उघडतात, मिटतात. मी चादर घडी करायला घेते. तो परत येतो, चादरीची दुसरी दोन टोकं धरतो आणि विचारतो, "किती झाल्या धावा?"